बान्वी म्हणजे कोण

पारनेरच्या बाजारपेठेत पिठाची गिरणी विचारली तर कुणीही सांगतं, "बनुबाईची ना? ती काय, पुढंच." गिरणी घातली तिच्या वडिलांनी, पण त्यांचं नाव आता कुणाच्या तोंडी नाही. बनुबाई पन्नाशी ओलांडलेली, भुवयांवर कायम पीठ, आणि जीभ अशी की दळणाआधी गिऱ्हाईकच दळून निघावं. ओले गहू आणणाऱ्याला ती चार माणसांत सोलते. तिच्याशी हुज्जत घालायच्या भानगडीत गावात फारसं कुणी पडत नाही.

ही बनुबाई एकेकाळी कांचन होणार होती.

तिला पुणतांब्याला दिली होती. कोरडवाहू पारनेरची पोर गोदाकाठच्या बागायतदाराच्या घरात पडली म्हणून सगळी भावकी हुरळून गेली. लग्नाच्या संध्याकाळी ताटात तांदूळ पसरले आणि नवऱ्यानं अंगठीनं त्यात तिचं नवं नाव लिहिलं. नवरीचं नाव बदलायची रीतच होती, त्यात कुणाला काही वावगं दिसलं नाही. पण सासूनं कारणही बोलून दाखवलं. बनू म्हणजे बानू, खंडोबाची दुसरी बायको, म्हाळसेची सवत. असलं नाव आमच्या घरात नको. हे मात्र बनुबाईला झोंबलं. तिच्या बापानं कोरठणच्या खंडोबाला नवस केला होता, त्यानंतर ही झाली होती. मांडीवर घेऊन तो तिला सांगायचा, "बानू म्हंजी कोन? जिच्यासाठी देवानं मेंढरं राखली ती. कुनी इचारलं तर मान वर करून सांगायचं."

सासरी पहिल्याच सकाळी सासूनं हाक दिली, "कांचन, पाणी आण." ही जागची हलली नाही. नवऱ्यानं हाका मारल्या, दिरानं मारल्या, ही आपली भाकरी थापत बसली. "बनू म्हना, अख्खी हीर उपसून आनते," एवढंच म्हणाली. मग काय, घरात रोज तमाशा. तिचं ताट वाढणं बंद झालं, बोलणं बंद झालं, आणि शेवटी एका दिवशी तिला पारनेरच्या एसटीत बसवून दिलं. एवढ्याशा नावापायी नांदणं घालवलं म्हणून गावानं तिला नावं ठेवली, त्यात सगळ्यात पुढं चुलती रतनबाई. बापानं दुसऱ्या दिवशी गिरणीची किल्ली तिच्या हातात दिली.

पुढं आई गेली, तेव्हा धाकटा भाऊ आदिनाथ अजून रांगत होता. त्याला बनुबाईनंच वाढवला, शिकवला, पुण्याला कंपनीत लागेपर्यंत त्याच्या मागं उभी राहिली. त्याची बायको पूजा बेलापूरची, लहानपणीच आई गेलेली. म्हणून बाळंतपणाला ती माहेरी न जाता पारनेरला आली. बनुबाईनं गिरणीला दुपारचं कुलूप लावलं आणि न्हाऊमाखू, शेकशेगडी, डिंकाचे लाडू, सगळं स्वतः केलं. मुलगी झाली. नाकीडोळी कुणासारखी यावर घरात वाद, पण रडणं आत्यासारखं यावर एकमत.

बारशाच्या आदल्या दिवशी पूजा लाजत म्हणाली, "अक्का, नाव ठरवलंय. बान्वी. इंग्रजीत दोन ए आणि शेवटी दोन ई."

"आसलं कसलं गं नाव? म्हंजी काय?"

"तुमचंच आहे. बनूचं बान्वी केलं. जरा आजकालचं वाटतं ना?"

बनुबाईचा हात पोरीच्या टाळूवर तेल घालता घालता थांबला. आयुष्यात तिच्या नावानं कुणी कधी बोटभर पाटी लावली नव्हती. लोकांनी तोंडानंच गिरणीला तिचं नाव दिलं तेवढंच. तिचे डोळे भरून आले आणि तिनं ते लपवलेही नाहीत. तेवढ्यात पूजा पुढं म्हणाली, "पण अक्का, उद्या कुणाला बोलू नका. रतनकाकी गोंधळ घालतील. विचारलं तर ह्यांनी सांगायचं ठरलंय, बान्वी म्हणजे सूर्याचा किरण. मोबाईलवर तसं दिलंय कुठंतरी."

बनुबाईनं डोळे पुसले. "चोरून देताय व्हय माझं नाव?" ती म्हणाली आणि तेलाची वाटी ठेवून उठली. आनंद तर झालाच होता, पण त्यात हा खडा लागला होता आणि तो काही केल्या निघेना.

दुसऱ्या दिवशी पाळणा सजला, घुगऱ्या शिजल्या, भावकीतल्या बायकांनी घर भरलं. रतनबाई नव्या कोऱ्या लुगड्यात पाळण्याजवळच ठाण मांडून बसली. पोरीला पाळण्याखालून वरून दिली-घेतली, आत घातली. आता आत्यानं कानात नाव सांगायचं, आणि सांगितलं की बायकांनी आत्याच्या पाठीत गमतीनं धपाटे घालायचे. तेवढ्यात रतनबाईनं विचारलंच, "नाव काय काढलं म्हनायचं? आन् अरथ काय त्याचा?"

आदिनाथनं मोबाईल पुढं धरला. "बान्वी. संस्कृतमध्ये सूर्याचा..."

"बंद कर ते," बनुबाई म्हणाली. "किरन न्हाई न् फिरन न्हाई. माझ्या नावावरनं ठेवलंय. मी बनू, म्हनून ही बान्वी. दोन ए लावा, चार लावा, तुमची हौस. पन कुठनं आलं ते इचारलं तर खरं सांगायचं."

"अगं बया," रतनबाई उसळली. "जिनं नवरा सोडला तिचं नाव? लेकराच्या नशिबाचा तरी इचार करा! आन् हीच कानात सांगनार?"

"मीच सांगनार. आत्या मी हाय." बनुबाई तिच्याकडं वळली. "काकी, माझं नशीब काय वाईट झालं ते तरी सांगा. रोज दळान माझ्याकडंच आनता ना तुमी?"

आदिनाथची मान खाली गेली होती. त्यानं ती उचलली आणि मोबाईल खिशात टाकला. "अक्काच्या नावावरनंच हाय, काकी," तो म्हणाला. "मलाच बोलायची लाज वाटली. चुकलं."

बनुबाई वाकली. "बान्वी," तिनं पोरीच्या कानात म्हटलं, घरभर ऐकू जाईल असं. पण धपाटा काही पाठीत पडेना. बायका एकमेकींकडं बघत होत्या, काही रतनबाईकडं.

"हात मोडले का गं तुमचे?" वाकूनच बनुबाई ओरडली. "आत्यानं नाव ठेवलंय. मारा की!"

पहिला धपाटा पूजाचा होता, चांगला सणसणीत. मग शेजारणीचा, मग कुणाकुणाचे, आणि सगळ्या हसायला लागल्या. रतनबाई तेवढी हात मांडीवर ठेवून बसली. त्या गलक्यात बनुबाई पुन्हा पाळण्यात वाकली. पाळण्याची दोरी पूजाच्या हातात होती, म्हणून तिला तेवढं ऐकू आलं.

"आन् हे बघ," आत्या पोरीला सांगत होती, "दुसऱ्या कुठल्या नावानं कुनी हाक मारली, तर ओ देऊ नगंस."