तोकिएच्या दारातली आग

आमच्या गल्लीतली तोकिए. पन्नाशी उलटली, तरी बाई शेगडीला हात लावत नाही. विजेवर भात, विजेवर चहा. देव्हाऱ्यापुढे उदबत्ती ठेवते, तीही न पेटवता. कारखान्यात सुकी मासळी भरायला जाते, मान खाली घालून येते. मी शेजारीण, माझं तोंड दिवसभर चालू. पण हिच्यापुढे माझीसुद्धा बोलती बंद होते.

तिच्या जन्माआधीची गोष्ट. तिच्या बापानं, सेइजीनं, न्हाणीच्या चुलीतली राख, आत निखारे असतानाच, दारासमोर ओतली. वारा सुटला होता. ठिणग्या उडाल्या, समोरच्या इसे आजींचं घर जळालं, आत त्यांचा सहा वर्षांचा मुलगा होता, तोही गेला. त्यावर सेइजी मरेपर्यंत चकार शब्द बोलला नाही. आजीही कधी बोलल्या नाहीत. रोज सकाळी दोघं समोरासमोर अंगण झाडायचे, वाकून नमस्कार करायचे, बस्स. तोकिएनं ठरलेलं लग्नसुद्धा मोडलं. "आमचं घर कशाला कुणाच्या गळ्यात?" एवढंच म्हणाली. बापाचं पाप हिनं का वाहायचं? चीड येते मला!

हिवाळ्यात सेइजी गेला. उन्हाळ्यात ओबोन आला, मेलेली माणसं घरी यायचा सण; सेइजीची यंदा पहिलीच खेप. संध्याकाळी दारोदार तागाचे वाळके देठ पेटवतात, त्या उजेडावर गेलेली माणसं आपलं घर ओळखतात. तोकिएच्या दारात ते कधीच पेटले नव्हते.

"अगं, यंदा तरी पेटव," मी म्हटलं. "बाप काय गल्लीत भटकत राहील?"

"आमच्या दारात आग, ताई? समोर आजी असताना?"

"मग राहू दे त्याला बाहेर!" मी फणकारले.

तरी संध्याकाळी ती देठ घेऊन दारात बसली. शेजारी पाण्याची बादली. काडेपेटीची एक काडी मोडली, दुसरी मोडली. बाईला ओढताच येईना. जन्मात कधी ओढली असेल तर ना! मी उठणार, तोच इसे आजी गल्ली ओलांडून आल्या.

"दे इकडे," आजी म्हणाल्या आणि एका झटक्यात त्यांनी देठ पेटवले.

तोकिएनं कपाळ जमिनीला टेकवलं. "आजी, आम्हाला माफ..."

"ते राहू दे. बापाला सांग, येताना माझ्या पोराला बोट धरून आण. इतकी वर्षं मी दारात पेटवते, पण तो येत नाही. आगीला भितो."

तोकिएनं मान हलवली. मग आगीकडे बघत, कोरड्या आवाजात, तिनं बापाला निरोप सांगितला.