जर्टीच्या गॅरेजमधला वॉल्ट्झ

आमच्या बोंटेह्यूवेल वस्तीत लग्न ठरलं की आधी पाद्री, मग हॉल आणि मग जर्टी अडोनिस. हॉलमध्ये पहिला नाच नवरा-नवरीचा. तेव्हा सगळा गोतावळा भिंतीला पाठ लावून बघत असतो, आणि तिथं पाय अडखळला तर ते पोरांच्या बाप्तिस्म्यापर्यंत ऐकावं लागतं. म्हणून शनिवारी दुपारी जोडपी जर्टीच्या गॅरेजमध्ये वॉल्ट्झ शिकायला येतात. गाडी तिच्याकडं कधीच नव्हती. मी शेजारीण. गाणं लावायचं, थांबवायचं आणि चहा करायचा, एवढं माझं काम.

जर्टीनं उभा जन्म कपड्यांच्या कारखान्यात मशीनवर काढला. नवरा तरुणपणीच गेला. नाच तिनं त्याच्याकडून उचललेला. जीभ मात्र स्वतःची. एका नवरदेवाला म्हणाली होती, "बायको धरलीयस की गॅसची टाकी?"

तिची एकुलती एक मुलगी एव्हरिल. लहानपणी मोडलेला डावा पाय वाकडा जुळला, त्यामुळे वळताना तिचा तोल जायचा. क्लाइव्हशी लग्न ठरलं तेव्हा पोरगी हटून बसली, नाच नको, लोक हसतील. मग जर्टीनं क्लाइव्हला एक गोष्ट शिकवली. नाचाच्या फेरीत कोपऱ्यावर वळायच्या आधी गाण्याचा एक ठोका थांबायचं, तिला पाय सावरू द्यायचा आणि मगच न्यायचं. ते त्याला इतकं साधलं की बघणाऱ्यांना ती ऐट वाटायची. पुढं दर लग्नात, दर नाताळात ती दोघं तशीच नाचली. मग एका हिवाळ्यात एव्हरिल न्यूमोनियानं गेली.

आणि यंदा क्लाइव्ह गॅरेजच्या दारात उभा, शेजारी त्याची होणारी बायको रोझलिन, हातात दुधाचा गोड टार्ट.

"मम्मी," सासूला तो अजून मम्मीच म्हणतो, "तुम्ही नको म्हणालात तर आम्ही नाचणार नाही."

"दुसऱ्या कुणाकडं शिकलास तर वस्तीत माझं नाक कापलं जाईल. या आत," जर्टी म्हणाली. "आणि टार्ट विकतचा दिसतोय."

रोझलिन वाणसामानाच्या दुकानात गल्ल्यावर असते. मोकळी, हसरी पोरगी. पायही हलके, सरळ चालीत तर कापूसच. पण कोपरा आला की तिचा बूट क्लाइव्हच्या बुटावर. तो तिथं थांबायचा आणि ही आपली ठोक्यावर पुढं जायची. प्रत्येक वेळी.

"माझंच चुकतंय, आंटी."

"परत," जर्टी म्हणायची.

मी जर्टीकडं बघितलं. तिची नजर रोझलिनवर नव्हतीच. कोपऱ्यावर क्लाइव्ह डावा हात जरा खाली घ्यायचा, खांदा किंचित झुकवायचा, जणू कुणी त्याच्यावर भार टाकतंय. एव्हरिलला ओळखणाऱ्या माणसाला ती तिथं उभी दिसली असती. मला तरी दिसली. त्या दिवशी झाडताना मी तो कोपरा तसाच सोडला.

आठवडे जात राहिले. जर्टीचं "परत, परत" चालूच. शेवटी कप विसळताना मी विचारलं, "तो थांबतो, हे सांगत का नाहीस त्यांना?"

"तुला दिसते ना ती?" जर्टी म्हणाली. "मलाही दिसते. कबरीवर जाते तर तिथं नुसता दगड. इथं येते ती. दर शनिवारी."

मला भीतीही वाटली आणि रागही आला. "आणि या जिवंत पोरीनं तुझं काय घोडं मारलंय?"

तिनं कप ठेवला आणि आत निघून गेली.

लग्नाआधीचा शेवटचा शनिवार. बाहेर वारा सुटला होता, गॅरेजचं पत्र्याचं दार धडधडत होतं. रोझलिन पुन्हा अडखळली. या वेळी ती बूट काढून खुर्चीत बसली आणि रडायलाच लागली.

"नको आपल्याला नाच, क्लाइव्ह. लोक हसतील."

जर्टीचा चेहरा उतरला. हे शब्द याच गॅरेजमध्ये तिनं आधी एव्हरिलच्या तोंडून ऐकले होते.

"क्लाइव्ह, इकडं ये," ती म्हणाली. "माझ्याबरोबर नाच." मग मला, "लाव गं."

दोघं निघाली. कोपऱ्यावर तो थांबला. जर्टी थांबली नाही, तिनं त्याला ओढत पुढं नेलं.

"मम्मी, तिचा पाय..." तो बोलून गेला, आणि स्वतःचेच शब्द ऐकून त्याच्या तोंडचं पाणी पळालं. आपण अजूनही थांबतो हे त्याला खरोखरच ठाऊक नव्हतं.

"तिचा पाय आता दुखत नाही," जर्टी म्हणाली. "चल पुढं."

पुन्हा फेरी, पुन्हा तो कोपरा, पुन्हा तो थांबला आणि पुन्हा तिनं ओढला. गाणं संपलं की मी परत लावायची. क्लाइव्हच्या डोळ्यांतून धारा लागल्या होत्या आणि पाय चालत होते. रोझलिन बूट मांडीवर घेऊन बघत होती. तिला काही समजावून सांगावं लागलं नाही. एका फेरीत त्याचा पाय न थांबता वळला, तेव्हा जर्टीनं त्याचा हात रोझलिनच्या हातात दिला आणि भिंतीला टेकून उभी राहिली.

लग्नात हॉल गच्च भरला होता. सॅक्सोफोनवाल्यानं सूर धरला आणि दोघं निघाली. कोपरा आला, गेला. पुढचाही गेला. लोकांनी शिट्ट्या मारल्या, टेबलं बडवली. रोझलिननं त्याच्या खांद्यावरून आमच्याकडं बघितलं आणि हसली. जर्टीही सगळ्यांबरोबर टाळ्या वाजवत होती.

मग मोकळ्या कोपऱ्याकडं बघत ती माझ्या कानाशी वाकली.

"आता ती कुठंच राहिली नाही," म्हणाली, आणि टाळ्या वाजवत राहिली.