बसस्थानकावरची बॅग

साकोलीच्या बसस्थानकावर मी स्वतःचीच बॅग बॉम्ब म्हणून जाहीर केली होती. नव्या रेक्झिनचा वास आला की अजून कानशिलं तापतात. बसमध्ये आयर्लंडच्या सशस्त्र बंडखोरांचा इतिहास वाचत आलो होतो. चहा पिऊन वळलो, तर बाकाखाली बेवारस काळी बॅग. "मागं सरका, बॉम्ब असन," मी ओरडलो आणि वर ज्ञानही पाजळलं, की आयर्लंडवाले आधी फोन करून इशारा द्यायचे. गर्दी पांगली. एक बाई लेकराला छातीशी धरून खांबामागं पळाली. स्थानकावरचा पोलीस काठी पुढे करून वाकला, तोच बॅगेत फोन वाजला. "आला इशारा," कंडक्टर पुटपुटला. रिंगटोन माझी होती. रेक्झिनची ती नवी बॅग बायकोनं सकाळीच घेऊन दिलेली, म्हणून ओळखली नव्हती. पोलिसानं घाम पुसला. "सर, त्या आयर्लंडवाल्यायले निदान आपली बॅग तं ओळखू येत होती."