नव्या बर्फातली फाइल

“नवो बरफ घातलो म्हणान मासो ताजो होणा नाय,” सुगंधा कुबल एकदा म्हणाली होती. तिची आई मालवणच्या बाजारात मासे विकायची. लेकीने बंदराजवळ इंटरनेट कॅफे काढला, तरी ताजेपणा तपासायला माशाचा कल्ला उचलून बघायची सवय सुटली नाही.

२००९च्या दिवाळीनंतर कॅफेतला राउटर सारखा अडकू लागला. शेजारच्या शेवंतीचा नवरा जहाजावर खलाशी. त्याचं जहाज रविवारी दूरच्या एका बंदराला लागणार होतं, आणि अजून न पाहिलेली तान्ही लेक तो तिथून कॅफेतल्या व्हिडिओ कॉलवर पाहणार होता.

शनिवारी सुगंधाचा दीर विनीत गोव्याहून पेनड्राइव्ह घेऊन आला. त्यात राउटरचं सॉफ्टवेअर होतं.

“कंपनीचाच आसा, वहिनी. कोणीतरी वर चार सोयी घालून परत बांधल्यानी. आपल्या गावच्याच पोरान दिल्यान.”

“मगे तर जास्त बघूक होया.”

विनीतला ते लागलं. तिने फाइलचा पडताळणीचा आकडा काढला. एक अक्षर बदललं तरी हा आकडा पार बदलतो. कंपनीच्या साइटवरच्या आकड्याशी तो जुळेना.

“जेनी फाइल ठेवल्यान, तेच्या पानावर आकडो आसा. तो जुळता,” विनीत म्हणाला.

“इकणारीन आपलो मासो कुसको म्हणताली काय रे?”

आकडा जुळला नाही म्हणजे फाइल वाईटच, असं तिने म्हटलं नाही. माळ्यावरचा तसलाच जुना राउटर काढला, बाहेरची लाइन जोडलीच नाही, एकच रिकामा कॉम्प्युटर लावला आणि फाइल त्यात चढवली. थोड्याच वेळात राउटर, कोणी न सांगता, इंटरनेटवरचा एक अनोळखी पत्ता शोधू लागला. आत तिने न उघडलेलं एक खातंही होतं, पासवर्डसकट.

विनीतचे कान तापले. गावच्या नावावर तो दुसऱ्याच्या हाती घराची किल्ली देणार होता.

“तुका खंय ठावक होता,” ती म्हणाली. “कंपनीची नवी फाइल उतरव.”

त्याने उतरवली. यावेळी आकडा त्यानेच दोनदा ताडून पाहिला. कॅफेतल्या राउटरमधली जुनी सेटिंग जपून ठेवली, मग फाइल चढवली.

रविवारी शेवंती लेकीला मांडीवर घेऊन कॅफेतल्या कॉम्प्युटरपुढे बसली. नवऱ्याचं चित्र आलं, थिजलं. चित्र हललं.

“गो, तिचा तोंड हयसर कर,” पडद्यातून त्याचा आवाज आला.

शेवंतीने लेकीला उचलून धरलं. सुगंधाने विनीतकडे एकवार पाहिलं, खुर्ची मागे सारली, दाराशी चपला पायात सरकवल्या आणि कॅफे त्याच्यावर सोपवून बाहेर पडली.