हाव म्हणजे होय

लातूर वेगळा जिल्हा झाला आणि नव्या कचेरीत कारकून हवे होते म्हणून वडिलांची नांदेडकडच्या उमरीहून तिकडे बदली झाली. नांदेड ते लातूर म्हणजे एसटीचा अर्ध्या दिवसाचा प्रवास. पुढे पुण्यात सिनेमा शिकायला गेल्यावर मी त्याला 'निर्वासन' म्हणू लागलो.

पुण्यात पहिल्याच आठवड्यात एका मित्राने चहा घेणार का विचारलं. मी म्हणालो, "हाव." तो म्हणाला, "कशाची हाव?" सगळे हसले. त्या दिवसापासून मी 'हो' म्हणायला लागलो, तेही जरा नाकातून.

दुष्काळाच्या उन्हाळ्यात मी कॅमेरा आणि टेपरेकॉर्डर घेऊन घरी आलो. प्रायोगिक लघुपट करायचा होता. आईला रिकाम्या घागरींपाशी बसवलं.

"आई, तुला इथं विस्थापित वाटतं?"

"काय वाटतं म्हनलास?"

"उपरं, उपरं."

"हाव."

"मग परत जावंसं वाटतं?"

"हाव."

"कधी?"

"टँकर येऊन जाऊ दे की आधी."

माझ्या निर्वासनाची एवढ्यात वाट लागली. शिवाय ते 'हाव' पुण्यातल्या पडद्यावर ऐकवायची मला लाज वाटत होती. म्हणून चित्र ठेवलं, आवाज काढला. टेप एकच उरली होती. आईचं बोलणं पुसून त्यावरच मी घरामागच्या माळावरचा वारा टेप केला. त्या वाऱ्यावर माझं निवेदन. 'मुळं' हा शब्द त्यात अकरा वेळा येतो.

लातूरला एका शाळेत तो लघुपट दाखवला. वडिलांच्या कचेरीतले एकजण मधेच उठून मला म्हणाले, "साहेब, मशीन बिघडून राहिलं काय? नुसतं घुंघुं येतंय." मी त्यांना मौनाचं सौंदर्य समजावलं. त्यांनी मान डोलावली आणि पंखा बंद करून पाहिला.

घरी येताना आई म्हणाली, "तोंड माझं हलून राहिलं अन् बोलनं तुझं. आसं कसं रे?" मी म्हणालो, "तुला नाही कळायचं ते."

गेल्या चैत्रात आई गेली. दिवस झाल्यावर तिचा आवाज घरात कुठेतरी असेल म्हणून मी शोधायला बसलो. फोटो होते. लघुपटही होता, त्यात तिचे ओठ हलतात आणि मी बोलतो. वाऱ्याची ती टेप ट्रंकेत सापडली. लावली. सुरुवातीलाच माझा आवाज आला, पुण्याचा, नाकातला: "आई, आता काही बोलू नकोस. वारा टेप करतोय."

मागून, जरा लांबून, ती म्हणाली, "हाव."

पुढे टेप संपेपर्यंत वाराच आहे. तिने शब्द पाळला होता.

मी टेप मागे घेऊन पुन्हा लावली. मग पुन्हा. कशाची हाव, ते त्या मित्राला आता सांगता येईल.