रडं नंबर चार

आमच्या शेजारच्या संगीतकाराला अख्खी इमारत रडकेबुवा म्हणते. स्वभाव हसरा, पण पोट रडण्यावर. एक टीव्ही मालिका सुरू व्हायच्या आधी त्याने तिच्यासाठी संगीताचे पाऊण-पाऊण मिनिटाचे तुकडे बांधून दिले: राग, कारस्थान, सासूचं गर्रकन वळून बघणं, आणि रडं नंबर एक ते चार. मग सहा वर्षं साउंडवाला तेच तुकडे प्रसंगांना चिकटवत बसला. बुवाला पुन्हा कुणी बोलावलंच नाही. स्वतःच्या हाताने स्वतःला घरी बसवणारा इतका कामसू माणूस मी दुसरा पाहिला नाही.

बुवाची बायको, म्हणजे आमच्या वहिनी, अंथरुणाला खिळल्या, तरी ही मालिका चुकवायच्या नाहीत. चार नंबर वाजलं की म्हणायच्या, "अहो, हे तर त्या थोरल्या सुनेचा कुकर बिघडला तेव्हाही वाजलं होतं! मी जायच्या आधी एखादं नवीन ऐकवा की."

डॉक्टरांनी हात टेकले होते, त्यामुळे बुवा हसला नाही. मालिकेतले आजोबा लवकरच मरणार होते. त्यांच्यासाठी त्याने, कुणी न मागता, नवा तुकडा बांधला आणि स्टुडिओत नेला. साउंडवाल्याने तो दोनदा ऐकला.

"काका, काळजाला हात घातलात. पण लोकांना चार नंबरची सवय झालीय हो. पहिल्याच सुराला रुमाल काढतात. उगाच कशाला गोंधळ?"

आजोबा गेले त्या संध्याकाळी मी बुवाकडेच होतो. चार नंबर सुरू झालं. वहिनींनी नवऱ्याकडे नुसतं पाहिलं. बुवाने टीव्हीचा आवाज बंद केला, पेटी पुढे ओढली आणि आपला तुकडा वाजवू लागला. पडद्यावर थोरली सून आवाजाविना हंबरडा फोडत होती. एरवी मी त्यावर चार विनोद केले असते. मी चष्मा पुसत बसलो.

प्रसंग संपला, साबणाची जाहिरात लागली. बुवा थांबला.

वहिनी डोळे मिटूनच म्हणाल्या, "थांबलात कशाला? जाहिरात आहे अजून. पुढचं वाजवा ना."

बुवाची बोटं पट्ट्यांवर तशीच राहिली. पाऊण मिनिटाच्या पुढचं त्याने जन्मात कधी बांधलं नव्हतं. त्याने माझ्याकडे पाहिलं, जणू मला येत असेल. मग भाता ओढून पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली.

"हे झालं की मघाशी," वहिनी पुटपुटल्या.

बुवा तेच वाजवत राहिला.