हद्द साहेबाची

शेवटचं आम्ही नवराबायकोनं काय केलं, तर मेथी निवडली. कॅनडात, कोक्विटलाममध्ये मुलाच्या घरात, खाली बेसमेंटमध्ये आम्ही राहायचो. तिथल्या टेबलावर पेपर पसरून बसलो होतो. मी देठं तशीच टाकतो म्हणून ती करवादली, "अहो, बैलाला नाही चारायची ही."

"खाणारा बैलच आहे," मी म्हटलं.

तेवढ्यात गावाकडच्या वकिलाचा फोन आला. हायकोर्टाचा निकाल लागला होता. आम्ही हरलो होतो.

भांडण एका कोपऱ्याचं. आमची पहिली मुलगी दात यायच्या आत गेली. एवढ्या लेकराला जाळत नाहीत, पुरतात. मीच शेताच्या बांधाकडेला खड्डा घेतला आणि वर दगड ठेवला. पुढं सरकारनं गावातले जमिनीचे तुकडे जोडून गट पाडले, त्यात तो कोपरा चुकून चुलतभावाच्या गटात गेला. नकाशा आम्हाला वाचता येत नव्हता. कळलं ते त्यानं बांध फोडायला काढला तेव्हा, म्हणजे किती वर्षांनी. तरी जमीन खात्याच्या मोठ्या साहेबानं जुने कागद बघून चूक मान्य केली आणि कोपरा आमच्या नावावर लावला. त्यावर चुलतभाऊ हायकोर्टात गेला. निकालापर्यंत जैसे थे, कुणी काही हलवायचं नाही, असा कोर्टाचा हुकूम होता. दगड टिकला तो त्या हुकमावर.

वकील स्पीकरवर म्हणाला, "काका, इतक्या वर्षांनी गटांची योजना बदलायची त्या साहेबांची हद्दच नव्हती. म्हणून त्यांचा हुकूम रद्द."

तिनं विचारलं, "म्हंजे साहेबानं खोटं लिवलं व्हतं?"

"खरंखोटं कोर्टानं बघितलंच नाही, काकू. हद्दीबाहेर जाऊन लिहिलं, एवढंच."

ती हसली. रागावली की ती हसायची, आणि ते हसणं वाईट असायचं. "आपण इचारली शेताची हद्द. ह्यांनी साहेबाची मोजली."

वकील म्हणाला, समोरची पार्टी भली आहे, दगड आहे तसा ठेवतो म्हणतात, मिटवून टाका.

"त्याच्या मेहरबानीवर माझी पोर ठेवायची न्हाई. त्याला सांगा, माझ्या नावावर करून दे, न्हाईतर नांगर."

"असं कसं सांगू, काकू?"

"मग नका सांगू."

राहिलेली मेथी तिनं निवडली. माझ्या वाटणीची देठंही तिनंच काढली. जेवून आडवी झाली. चहाच्या वेळेला मी हाक मारली, परत मारली, मग शिवी दिली. शिवीला ती उठायचीच, उत्तर द्यायला. उठली नाही.

मुलानं नऊशे अकरा, इथला अ‍ॅम्ब्युलन्सचा नंबर, लावला. आले ते लोक, यंत्रं लावून बघितलं, आणि मग मला सॉरी म्हणाले. संध्याकाळी इथल्या मराठी मंडळातली माणसं आली. एक बाई म्हणाली, किती शांतपणे गेल्या. मी तिचं तोंड बघितलं होतं. शांतबिंत काही नव्हतं. बाईला तसं सांगितलं, तर मुलगा म्हणाला, "बाबा, प्लीज."

दुसऱ्या दिवशी सकाळी चुलतभावाचा फोन आला. रडत होता. खरं रडत होता की खोटं, ते बघायची माझी हद्द नाही.

"दादा, वहिनी गेल्या, आता कसली केस? तेवढा तुकडा मी सोडतो. पोरीचा दगड हलवणार नाही. आईची शपथ."

"कागदावर करून देतोस?"

तो म्हणाला, "कागद कशाला, दादा? माझ्या शब्दाला काही किंमत नाही का?"

"वहिनीचा निरोप आहे तुला," मी म्हटलं. "नांगर."

"काय?"

"नांगर. दगड उपट आणि ऊस लाव तिथं. कोर्टानं दिलंय तुला."

"लेक आहे तुमची खाली! माणूस आहात का तुम्ही?"

"मी प्रतिवादी आहे," म्हटलं, आणि फोन ठेवला.

मुलगा जिन्यात उभा होता. फ्युनरल होममध्ये आईचे कपडे द्यायचे होते, कुठली साडी द्यायची ते विचारायला आलेला. मी कपाट उघडलं आणि शेतात नेसायची ती जुनी, हिरव्या काठाची काढून दिली.

"ही? बाबा, ही फाटलीये."

"हीच दे," मी म्हटलं.